गुरुवारचा निकाल आणि सोमवारचा

दिल्लीच्या एका सत्र न्यायालयात मी सव्वीस वर्षं स्टेनोग्राफर होते. साहेब चेंबरमध्ये येरझारा घालत निकाल सांगायचे, मी तो शॉर्टहँडमध्ये उतरवून घ्यायचे आणि मग टाइप करायचे. म्हणजे कोण सुटणार आणि कोण आत जाणार हे आधी साहेबांना कळायचं, मग मला. आरोपीचा नंबर तिसरा. वकील लोक माझ्याशी इतकं गोड का बोलायचे ते यावरून समजून घ्या. दिवाळीला डबे यायचे, ते मी आल्या पावली परत पाठवायचे आणि घरी येऊन नवऱ्याला सांगायचे, आज काजूकतली परत केली, तुमचं नशीबच फुटकं. सव्वीस वर्षांत मी फक्त एकदा तोंड उघडलं. ते कुणापाशी आणि कसं, ते आज सांगणार आहे. आता मी रिटायर झाले, कोण माझं काय वाकडं करणार आहे?

आम्ही तेव्हा सरोजिनी नगरच्या सरकारी क्वार्टरमध्ये राहायचो. नवरा केंद्र सरकारात, त्यांच्या नावावर घर. आमच्या ब्लॉकमध्ये मराठी घरं दोनच. वर आम्ही, खाली दादा आणि वहिनी. दादा मिरजेचे, मुसलमान, एका मंत्रालयात सेक्शन ऑफिसर. माझ्याहून चांगले बारा वर्षांनी मोठे, तरी मला ताईच म्हणायचे. मी लग्न होऊन दिल्लीत आले तेव्हा माझी हिंदी अशी होती की भाजीवाला दोन भेंड्या जास्त घालायचा, बिचारीला पुन्हा विचारायला लागू नये म्हणून. दिवसभर घरात बसून मी रडकुंडीला यायचे. दादांनीच मला स्टेनोग्राफरच्या परीक्षेचा फॉर्म आणून दिला. क्लास लावला तोही त्यांच्या ओळखीनं. आणि संध्याकाळी ऑफिसातून आले की हातपाय धुऊन, हातात घड्याळ घेऊन, ते मला इंग्रजी पेपरातला अग्रलेख वाचून दाखवायचे. आधी मिनिटाला साठ शब्द, मग ऐंशी, मग शंभर. वहिनी चहा घेऊन यायच्या आणि म्हणायच्या, “अहो, जरा दमानं. पोरीच्या बोटांना फोड येतील.”

“परीक्षेत कोण दमानं वाचणार आहे?” दादा म्हणायचे आणि पुढचा परिच्छेद आणखी जोरात हाकायचे.

माझी नोकरी त्या अग्रलेखांवर लागली. हे मी सगळ्यांना सांगायचे. त्यांच्यासमोर सांगितलं की ते लाजून उठून जायचे.

मग त्यांच्या मुलीचं लग्न ठरलं. मुलगा गुडगावचा, नव्यानं उघडलेल्या कसल्याशा कॉम्प्युटरच्या कंपनीत. त्याच्या घरच्यांनी तिकडे नव्या टॉवरमध्ये फ्लॅट घेतला होता. त्या वेळी गुडगाव म्हणजे मोहरीची शेतं, मधेच दहा मजली इमारत आणि पुन्हा शेतं. आम्ही सगळे तोंडात बोट घालून बघायला गेलो होतो. साखरपुड्याचं जेवण मुलाकडे होतं, पण रांधायची जबाबदारी दादांनी हौसेनं आपल्याकडे घेतली. मुलीचा बाप होता ना. मे महिन्यातल्या एका सकाळी मित्राची मारुती व्हॅन मागून आणली, नेहमीच्या दुकानातून म्हशीचं मांस घेतलं, दुकानदाराकडून तशी चिठ्ठी लिहून घेतली आणि निघाले. गुडगावच्या हद्दीच्या अलीकडे चार-पाच जणांनी गाडी अडवली. डबे उघडले. एक म्हणाला, गाय आहे. झालं. पोलीस आले. दादा सरकारी माणूस, कागदावर भलता विश्वास. त्यांनी ती चिठ्ठी पोलिसाच्या हातात दिली. आम्हा सरकारी लोकांची ही जुनी खोड, कागद दाखवला की सगळं मिटतं असं वाटतं! पोलिसानं ती घडी घालून खिशात टाकली. पुढे केसच्या फाइलमध्ये ती चिठ्ठी कधी दिसली नाही.

गोहत्याबंदीच्या या कायद्यात एक गोष्ट उलटी आहे. इतर गुन्ह्यांत सरकारला सिद्ध करावं लागतं की तू दोषी. इथे मांस सापडलं की ते गाईचं नव्हतं हे ज्याच्याकडे सापडलं त्यानंच सिद्ध करायचं. आता कसं करायचं? मांस पोलिसांच्या ताब्यात. त्यातला नमुना ठाण्याच्या कोठीत अकरा दिवस तसाच पडला, तोही मे महिन्यात, आणि मग प्रयोगशाळेत गेला. तिथून उत्तर आलं, गाईचं. दुकानदाराला साक्षीला बोलावलं. वीस वर्षांचं गिऱ्हाईक समोर उभं, आणि तो काय म्हणाला? “मुझे याद नहीं, साहब. रोज़ इतने लोग आते हैं.” दादा त्या दिवशी घरी येऊन म्हणाले, त्याच्या मुलाच्या शाळेच्या प्रवेशासाठी मी तीन चकरा मारल्या होत्या, तेही त्याला याद नसेल. मुलाकडच्यांनी निरोप पाठवला की थोडं थांबू या. ते थांबले ते थांबलेच. खालच्या कोर्टानं दादांना एक वर्षाची कैद सुनावली. अपील करायला वेळ दिला म्हणून ते जामिनावर घरी आले. ऑफिसातही ओरड झाली, पण अपिलाचा निकाल लागेपर्यंत काही करू नये असं ठरलं. रिटायर व्हायला दोन वर्षं होती. अपिलात सुटले असते तर हे सगळं पुसलं गेलं असतं.

आणि अपील आलं ते नेमकं आमच्या कोर्टात.

मी तेव्हाच साहेबांना सांगायला हवं होतं की हे माझे शेजारी आहेत, या केसचं काम दुसऱ्या स्टेनोला द्या. तसा नियमच आहे. मी सांगितलं नाही. मनात म्हटलं, आपल्याच कोर्टात आलंय, देवानंच पाठवलं. कारण आमच्या साहेबांवर माझा जीव होता. चार वर्षं त्यांच्या हाताखाली काम केलं होतं. शाळामास्तरांचा मुलगा, फुलांचा गुच्छसुद्धा घ्यायचे नाहीत. माझ्या इंग्रजीतल्या चुका काढायचे नाहीत, उलट विचारायचे, “मैडम, यहाँ ‘दैट’ ठीक रहेगा या ‘विच’?” कोण साहेब असं विचारतो? घरी त्यांचं कौतुक सांगून सांगून मी नवऱ्याचे कान किटवले होते. हा माणूस कुणापुढे वाकणार नाही, असं मी दादांनाही छातीठोक सांगितलं होतं.

युक्तिवाद संपले. एका गुरुवारी दुपारी साहेबांनी मला चेंबरमध्ये बोलावलं आणि निकाल सांगायला सुरुवात केली. सहाव्या पानावर मला कळलं. हद्दीवर इतकी वर्दळ असताना पोलिसांनी बाहेरचा एकही साक्षीदार घेतला नाही, असं साहेबांनी सांगितलं. नमुन्याच्या डब्यावरचं सील आणि प्रयोगशाळेत पोचलेलं सील एक नाही. अकरा दिवस नमुना कुणाच्या ताब्यात होता ते कुणालाच सांगता येत नाही, तेव्हा तपासलं ते याच गाडीतलं मांस होतं असं धरता येणार नाही. आणि ती चिठ्ठी! जप्तीच्या कागदावर एका ओळीत तिचा उल्लेख राहून गेला होता, तो साहेबांनी बरोब्बर पकडला. शेवटचा परिच्छेद, म्हणजे अपील मंजूर की नामंजूर, तो ते नेहमी निकालाच्या दिवशी सकाळी सांगायचे. ती त्यांची पद्धतच. पण कणीक मळून झाली होती, नुसती पोळी लाटायची राहिली होती. मी चौदा पानं कॉम्प्युटरवर उतरवली. कोर्टात कॉम्प्युटर नुकतेच आले होते, मला त्या ‘सेव्ह’ची भारी भीती वाटायची, म्हणून मी ते बटण चार-चारदा दाबलं.

शुक्रवारी कोर्टात मागच्या बाकांवर सात-आठ अनोळखी माणसं येऊन बसली होती. काही बोलत नव्हती, नुसती बसली होती. त्याच आठवड्यात बढतीसाठी वर नावं गेल्याची कुजबुज होती, त्यात आमच्या साहेबांचंही नाव होतं. दादांच्या वकिलाला साहेबांनी पुढे बोलावलं आणि म्हणाले, “वकील साहब, सोच लीजिए. अगर आप दोष पर ज़ोर न दें और सिर्फ़ सज़ा पर बात करें, तो उम्र देखकर प्रोबेशन पर विचार हो सकता है. मेरिट पर लड़ेंगे तो मेरिट पर फ़ैसला दूँगा. सोमवार को बताइए.”

हे अपिलांमध्ये रोज चालतं. सरळ भाषेत सांगायचं तर, गुन्हा केला हे मुकाट्यानं मान्य करा, मी तुरुंगात पाठवणार नाही, चांगल्या वागणुकीच्या हमीवर घरी सोडीन. नाही मान्य केलंत, मेरिटवर म्हणजे मी निर्दोषच आहे असं लढलात, तर मग इस पार या उस पार.

आता मला सांगा, ज्याला सोडायचंच आहे त्याच्यापुढे कुणी असा सौदा ठेवतं का? इतकी वर्षं कोर्टात काढलेल्या बाईला एवढी साधी गोष्ट कळू नये? साहेब गुरुवारी एक बोलले होते आणि शुक्रवारी मागे सरकत होते, ते सरळ डोळ्यांसमोर घडत होतं. पण माझ्या डोक्यात ती चौदा पानं पक्की बसली होती. मी स्वतः लिहिलेली, स्वतः टाइप केलेली. मला वाटलं, साहेब उगीच रीत पाळतायत. मी आंधळी झाले होते, दुसरं काय.

रविवारी दुपारी जेवणं झाल्यावर दादा आणि वहिनी वर आले. मी पुन्हा चहा टाकला. दादांनी कप हातात घेतला आणि तसाच धरून ठेवला.

“ताई, मी तुला या केसबद्दल कधी काही विचारलं नाही,” ते म्हणाले. “आजही निकाल विचारत नाही. फक्त सल्ला दे. वकील म्हणतो, प्रोबेशन घेऊन टाका. पण घेतलं म्हणजे मीच माझ्या तोंडानं म्हटल्यासारखं झालं की गाईचं होतं. मिरजेत माझ्या भावाच्या शेजारी सगळी हिंदूंची घरं आहेत. त्यांच्या गाईंच्या धारा काढत मी मोठा झालो. तिथे जाऊन काय तोंड दाखवू?”

“तोंडाचं काय घेऊन बसलात?” वहिनी एकदम म्हणाल्या. “माणूस घरी राहू दे. लोक चार दिवस बोलतील आणि गप्प बसतील. घ्या म्हणते मी.”

“तू थांब. ताईला विचारतोय ना मी.”

दोघंही माझ्याकडे बघायला लागले. आणि मी म्हटलं, “दादा, घेऊ नका.”

वहिनींनी माझ्याकडे रोखून पाहिलं. “तू पाहिलंयस काही?”

“मी काही सांगत नाही, वहिनी. मला विचारू नका. पण घेऊ नका. मेरिटवर लढा. बिल्कुल घाबरू नका.”

दादांना जे कळायचं ते कळलं. वर्षभरात पहिल्यांदा ते मोकळे हसले. चहा संपवला, आणखी अर्धा कप मागितला, नवऱ्याशी क्रिकेटवर बोलत बसले. वहिनी मात्र हसल्या नाहीत. खाली जाताना जिन्यात माझा हात धरून म्हणाल्या, “तुझ्या शब्दावर सोडते हं त्यांना.” मी म्हटलं, सोडा हो.

ते गेल्यावर नवरा म्हणाला, “तू काय करून बसलीस ते कळतंय का तुला? उतावळा नवरा, गुडघ्याला बाशिंग. निकाल अजून लागलेला नाही.”

“तुम्ही गप्प बसा,” मी फाडकन म्हटलं. “चौदा पानं मी टाइप केलीत, तुम्ही नाही.”

सोमवारी पावणेदहाला साहेबांनी चेंबरमध्ये बोलावलं. खुर्चीत बसून होते, येरझारा नाहीत. माझ्याकडे बघितलं नाही. “मैडम, छठे पेज से फिर लेंगे,” म्हणाले आणि सांगायला लागले. सीलमधला फरक किरकोळ आहे. नमुना उशिरा पाठवला म्हणून तो बदलला असं होत नाही. चिठ्ठीची ओळ गाळली. मांस गाईचं नव्हतं हे सिद्ध करण्याचा भार आरोपीवर होता, तो त्याला पेलता आला नाही. मग दोन शेवट सांगितले. वकिलानं फक्त शिक्षेबद्दल विनंती केली तर हा परिच्छेद, दोष कायम, पण प्रोबेशनवर घरी. मेरिटवर लढायचं म्हणाला तर हा, अपील नामंजूर, एक वर्ष कायम, आजच ताब्यात घ्यावं. दोन्ही वेगवेगळ्या कागदांवर काढा, म्हणाले.

तरी मी विचारलं, “सर, और वो पहले वाला?”

“कौन-सा पहले वाला?” ते म्हणाले. आणि मग, फाइल चाळत, “उसी फ़ाइल में बदल दीजिए. अलग कॉपी रखने की ज़रूरत नहीं.”

ज्या माणसाच्या नावानं मी घरात दिवा लावायचाच बाकी ठेवला होता, त्यानं माझ्या तोंडावर सांगितलं की गुरुवार झालाच नव्हता. शी! अजूनही आठवलं की अंगाची लाही होते. मी त्याच फाइलमध्ये बदल केले. गुरुवारची पानं माझ्याच बोटांनी पुसली. ‘सेव्ह’ एकदाच दाबलं.

चेंबरमधून कोर्टरूमकडे जायला एक कॉरिडॉर होता, पंचवीस-तीस पावलांचा. दादा आणि वहिनी तिथे भिंतीशी उभे होते. दादांनी पांढरा इस्त्रीचा शर्ट घातला होता. वहिनींच्या हातात डबा होता, सुटल्यावर तिथेच बसून खाणार होते. वकील जरा पलीकडे फोनवर बोलत होता. केस पुकारायला अजून अर्धा तास होता. तीन शब्दांचं काम होतं, दादा, प्रोबेशन घ्या. बस. दादांनी माझ्याकडे बघून भुवया उंचावल्या, काय ताई, असं.

मी मान खाली घातली आणि कागद छातीशी धरून सरळ चालत गेले.

का? चेंबरच्या दाराशी शिपाई उभा होता, हे खरं. साहेबांना कळलं असतं तर नोकरी गेली असती, हेही खरं. द्वारकेच्या सोसायटीत आमचा फ्लॅट होऊ घातला होता. ही सगळी कारणं मी स्वतःला हजारदा सांगितली आहेत. पण त्या पंचवीस पावलांत माझ्या मनात यातलं काहीही नव्हतं. मला एवढंच वाटत होतं की काल मी एवढ्या तोऱ्यात सांगितलं आणि आज तेच तोंड घेऊन सांगू, की मी चुकले? वहिनी बघतायत. त्या आधीच घ्या म्हणत होत्या. मला लाज वाटली. नुसती लाज. जो नियम मी रविवारी मोडला होता तोच सोमवारी कवटाळून बसले.

पुन्हा संधी नव्हती असंही नाही. वकील दहा मिनिटांनी आत आला आणि माझ्या टेबलापाशी हातभर अंतरावर उभा राहून तारखा उतरवून घेत होता. मी मूग गिळून कागदांना टाचण्या लावत बसले.

केस पुकारली. साहेबांनी विचारलं, काय ठरवलंत? वकील म्हणाला, “सर, मेरिट पर. हमें कोर्ट पर पूरा भरोसा है.” साहेबांनी दोनपैकी एक कागद उचलला. मागची माणसं पुढे सरकून बसली. साहेब इंग्रजीत भरभर वाचत होते, पण दादांचं इंग्रजी चांगलं. त्यांना पहिल्या दोन ओळींतच कळलं असणार. ते साहेबांकडे बघत नव्हते, माझ्याकडे बघत होते. रागानं नाही हो, रागानं बघितलं असतं तर मी आज एवढी जळले नसते. काहीतरी चुकतंय, ताई आता उठून सांगेल, असं बघत होते. मग हवालदारानं त्यांचा दंड धरला. वहिनी म्हणाल्या, “अहो, हे काय? ताई, हे काय गं?” भर कोर्टात, मराठीत. कुणालाच कळलं नाही. मला कळलं, आणि मी पुढच्या केसची फाइल उघडली.

दादा सात महिने आत होते. वरच्या कोर्टात दाद मागितली, तिथे शेवटी आदेश झाला की दोष कायम, पण शिक्षा भोगली तेवढी पुरे. म्हणजे प्रोबेशन घेऊन जो डाग लागला असता तो लागलाच, वर सात महिने तुरुंग, वर नोकरीवरून काढलं आणि पेन्शन गेली. क्वार्टर रिकामं करायची नोटीस तर त्याआधीच आली होती. सामान हललं त्या दिवशी मी मुद्दाम कोर्टात थांबले. संध्याकाळी परतले तर खाली कुलूप होतं.

साहेब वर्षभरात बढती होऊन वरच्या कोर्टात गेले. निरोपाच्या कार्यक्रमात मला शाल दिली आणि सगळ्यांसमोर म्हणाले, “मैडम ने पाँच साल में एक शब्द बाहर नहीं जाने दिया.” टाळ्या झाल्या. ती शाल मी घरी येताना बसमध्ये सोडून दिली. पुढे कितीतरी वर्षं मी ही गोष्ट अशीच सांगत आले, की साहेबांनी माझा केसानं गळा कापला, मला तोंडघशी पाडलं. ऐकणारे हळहळायचे. म्हणायचे, तुझी काय चूक गं, तू तर भल्यासाठीच सांगितलंस. कॉरिडॉरचं मी कुणालाच सांगितलं नाही. नवऱ्यालाही नाही.

आम्ही द्वारकेला राहायला गेलो, मेट्रो आली, मी रिटायर झाले. एक दिवस सोसायटीतल्या मराठी मंडळात कुणीतरी सहज म्हणालं की तीन सेक्टर पलीकडे मिरजेचं एक म्हातारं जोडपं भाच्याकडे राहतं, ते गृहस्थ मुलांना इंग्रजी शिकवतात. मी पत्ता घेतला. जायला मला दोन महिने लागले.

दार वहिनींनी उघडलं. मला ओळखलं, बाजूला झाल्या, आणि सरळ स्वयंपाकघरात गेल्या. दादा खिडकीपाशी बसले होते. किती वाळले होते! “अरे, ताई!” म्हणून उठायला लागले, मी धावत जाऊन बसवलं. त्यांनी नवऱ्याची चौकशी केली, माझ्या पेन्शनची केली, गुडघ्यांची केली. मुलीचं लग्न नंतर नागपूरकडे झालं, दोन मुलं आहेत, असं सांगितलं. मी नुसती हो हो करत होते. आत भांडी जोरजोरात आपटत होती.

“तिचं मनावर घेऊ नकोस,” दादा आवाज खाली आणून म्हणाले. “तिचा राग आहे तुझ्यावर. आमचं यावरून अजून भांडण होतं. रविवारी तू जे सांगितलंस त्याबद्दल नाही हं. तू काहीतरी लिहिलेलं पाहिलं होतंस आणि नंतर ते बदललं, हे तिलाही पटतं. सरकारात मी कमी मसुदे बदललेले पाहिलेत का? ती धरून बसलीय ते सोमवारचं.”

“सोमवारचं?”

“तू कॉरिडॉरमधून गेलीस ना, मान खाली घालून. ती म्हणते, तेव्हा हिला ठाऊक होतं. मी म्हणतो, वेडी आहेस तू. ताईला नंतर कोर्टातच कळलं असणार, आपल्यासारखंच. आधी कळलं असतं तर ताई धावत आली असती. नोकरीबिकरी काही बघितलं नसतं तिनं, मी ओळखतो तिला.” त्यांनी माझ्या हातावर हात ठेवला आणि स्वयंपाकघराकडे बघून जरा मोठ्यानं, तिकडे ऐकू जाईल असं विचारलं, “तूच सांग तिला एकदा. आधी कळलं असतं तर आली असतीस की नाही?”

आतली भांडी थांबली.

“आले असते, दादा,” मी म्हटलं.